हाताचा गुण

कत्तलखान्यात माझं काम एकच: जनावराला गोठ्यापासून आतल्या दारापर्यंत शांतपणे चालवत न्यायचं. घाबरलेल्या जनावराचं मांस काळं पडतं आणि भाव उतरतो. म्हणजे मायेचाही दर किलोमागेच ठरतो. मालक म्हणतो, "तुझ्या हाताला गुण आहे." असेल. मी मानेवरून हात फिरवतो, हळूच म्हणतो, "चल गं बाई, काही होत नाही." तीस वर्षांत एकही जनावर बुजलं नाही.

बायकोचं पोटाचं ऑपरेशन ठरलं. तिला स्ट्रेचरवरून नेताना मी सोबत चालत होतो. ती थरथरत होती. माझा हात आपसूक तिच्या मानेवर गेला आणि तोंडून निघालं, "चल गं बाई, काही होत नाही."

तिने मान वळवून माझ्याकडे पाहिलं. हे शब्द मी रोज कुठे वापरतो, ते तिला ठाऊक होतं. मीच कौतुकाने सांगितलं होतं. मग दार बंद झालं.

ऑपरेशन नीट झालं. ती घरी आली, पूर्वीसारखी स्वयंपाक करते, बोलतेही. फक्त मी खांद्यावर हात ठेवला, की हातातलं काम थांबवून अगदी शांत उभी राहते.