फळी उघडून दाखवा

कल्पना करा, तुम्ही वाळूवर उताणे पडून एका होडीच्या पोटाखाली सरकला आहात. नाकाशी ताज्या डांबराचा वास आहे, पाठीला ओली वाळू लागते आहे, आणि तुमची बोटं एक भोक शोधताहेत. सकाळी शाळेत जाताना तिथे तुमचं डोकं आत जाईल एवढं मोठं भोक होतं. आता नाही.

नवापूरची उन्नती असंच शोधत होती. तिने तळापासून काठापर्यंत हात फिरवला, मग उलटा फिरवला. फळीला फळी घट्ट बसली होती. वाळूवर आळीतली माणसं चहा पीत उभी होती आणि तिची गंमत बघत होती.

"काय गो, भेटला काय भोक?" शकूकाकीने विचारलं.

"नाय."

"भेटनार कसा? रामाआजानं लावलीय फळी. दर्याला पन भेटनार नाय."

सगळे हसले. दहा वर्षांची उन्नती एरवी त्यांच्याहून मोठ्याने हसली असती. पण आता ती पुन्हा तळापासून फळी चाचपू लागली.

बारा दिवसांपूर्वी तिच्या बाबांची, निमेशची होडी खडकावर आपटून फुटली. लोकांनी ती ओढून किनाऱ्याला आणली, पण इंजिन खाऱ्या पाण्यात बुडालं ते कायमचंच बसलं. होडीचा विमा होता. विम्यातून इंजिन आलं तर निमेश पुन्हा दर्यावर जाणार, नाही तर तारापूरच्या कारखान्यात. तिथल्या मुकादमाशी त्याने बोलूनही ठेवलं होतं.

विमा कंपनीच्या फोनवर आधी एक धून वाजायची. बारा दिवसांत ती उन्नतीला पाठ झाली. भांडी घासताना ती तिच्या तोंडून निघे आणि निमेश ओरडे, "बंद कर ती!" मग फोनवरची बाई हिंदीत रोज तेच सांगे: नुकसान बघायला सर्व्हेअर येतील, तोवर होडीला हात लावू नका. निमेश दिवसातून दहा वेळा रस्त्यापर्यंत जाऊन यायचा. आज सकाळी तो स्वतःच पालघरच्या ऑफिसात जाऊन बसला होता.

हात लावायचा नाही, हे त्याने घरात सांगितलं होतं. आळीत नाही. ते त्याच्या जिभेवरच येईना. आपल्या होडीला हात लावू नका असं शेजाऱ्याला सांगणं म्हणजे त्याला दारातून परत पाठवणं. या किनाऱ्यावर होडी फुटली, की मालक गावाबाहेर जाण्याची सगळे वाट बघतात. तो परतला की होडी त्याला धडच दिसली पाहिजे. आज निमेश पालघरला, आई मासळी घेऊन बोईसरच्या बाजारात, उन्नती शाळेत. आळीला हवा होता तसा दिवस सापडला होता.

तेवढ्यात मोटारसायकल आली. मागे निमेश बसला होता, आणि तो हसत होता. पुढे पाठीला बॅग लावलेला एक तरुण.

"घेऊन आलो साहेबांना!" निमेश उतरता उतरता ओरडला आणि होडीकडे बघून थांबला.

रामाआजा पुढे आला. "बग, कशी झालीय."

निमेशने होडीवर हात फिरवला. मग तो वळला आणि म्हणाला, "मस्त झाली, आजा."

तरुणाचं नाव मेहुल, विमा कंपनीचा सर्व्हेअर. त्याने होडीला दोन फेऱ्या मारल्या, कागद बघितले, पुन्हा एक फेरी मारली.

"नुकसान कुठे आहे?"

"होतं साहेब. हितं. एवढं. फोटो पाठवलेत की आमी."

"फोटोत भोक आहे, होडीचा नंबर नाही. ते कुठल्याही होडीचं असेल."

"भोक तळाला, नंबर वरती. एका फोटोत दोन्ही येनार कसं?"

"बरं, जुन्या फळ्या दाखवा."

शकूकाकीने वाळूवर मांडलेल्या चुलीकडे बघितलं. डांबर तापवायला त्याच फळ्या जाळल्या होत्या, आणि त्यांच्यावरच चहाही झाला होता.

मेहुलने कपाळ पुसलं. तो वाईट माणूस नव्हता. सकाळपासून त्याची ही पाचवी जागा होती. "दादा, माझी अडचण समजून घ्या. होडी फुटली म्हणून इंजिन बुडालं, असं मला लिहायचंय. होडी तर धड उभी आहे." त्याने बॅगेतून खडू काढला आणि नव्या फळ्यांपैकी दोनांवर फुल्या मारल्या. "ह्या दोन उघडून दाखवा. नंबर आणि भोक दिसेल असा व्हिडिओ घेतो. पंधरा मिनिटांचं काम."

"म्हंजे परत फोडू?"

"फोडू नका. उघडा. नाही तर नुकसान आढळलं नाही असं लिहावं लागेल, त्यावर तुमची सही लागेल."

निमेशने पहार उचलली. तिचं टोक फळीच्या फटीला लावलं. ही फळी रामाआजाने आपल्या नव्या दारासाठी चिरून ठेवली होती, हे त्याने लाकडावरूनच ओळखलं होतं.

"काढ रे, काढ," शकूकाकी म्हणाली. "आमी परत ठोकू. हात काय झिजलेत काय आमचे?"

रामाआजा आपल्या तळहाताकडे बघत होता.

निमेशच्या दंडाची शीर ताठ झाली, पण पहार हलेना. मेहुलने घड्याळ बघितलं. मग कागद सहीच्या पानावर उघडून होडीच्या काठावर ठेवला, वाऱ्याने उडू नये म्हणून त्यावर खडू ठेवला.

उन्नती पुढे झाली. तिने खडू उचलला तसं पान फडफडून उलटलं. डांबरल्या फळीवर, फुलीच्या शेजारी, तिने शाळेच्या फळ्यावर लिहितात तशा मोठ्या अक्षरांत लिहिलं: रामाआजा.

"आजा, खिळे किती मारलेस?"

"मोजले नाय गो. चौदा, पंधरा."

"नीट सांग. साहेबांना लिवायचंय, भोक कुनी नि कसा बुजवला ते."

रामाआजा वाकला आणि डांबराखालचे खिळे बोटाने चाचपत मोजू लागला. उन्नतीने चौदा लिहिलं, त्याचा हात धरून त्याला व्हिडिओत नंबरासकट दिसेल असं फळीपाशी नंबराखाली उभं केलं, आणि चहाचे कप घेऊन थबकलेल्या माणसांकडे वळली.

"दुसरी फळी कोनाची?"