टेम्पोच्या जागेतली झारी

मित्रांनो, तीन इमारतींच्या मधल्या बागेत आलात, तर नळाच्या कट्ट्याजवळ जरा वाकून पाहा. खिळ्याला अडकवलेली, एका बाजूला पोचा आलेली, पत्र्याची एक झारी दिसेल. ती मी. माझा मूळ रंग कोणता होता, ते आता मलाही धड सांगता येणार नाही. पण दिसण्यावर जाऊ नका. या बागेतले निम्मे टोमॅटो माझ्या हाताखालून, नव्हे, तोंडाखालून गेले आहेत.

माझा जन्म पत्रेकाम करणाऱ्या एका कारागिराच्या दुकानात झाला. त्याने जस्ती पत्र्यावर खडूने आखणी केली, मोठ्या कात्रीने तुकडे कापले, ते ठोकून गोल केले आणि जोडांना वितळलेल्या कथलाचा डाख दिला. शेवटी लांब नळीच्या टोकाला बारीक भोकांची चाळणी बसवली. मग मला काठोकाठ भरून त्याने जुन्या वर्तमानपत्रावर ठेवले. कागद कोरडाच राहिला. तेव्हा तो बायकोला म्हणाला, "बघ, आपल्या जावईबापूंपेक्षा ही बरी. पोटातलं थेंबभर बाहेर येऊ देत नाही!" आयुष्यातले ते माझे पहिले कौतुक.

मी एका रुग्णालयात कामाला लागले. तिथल्या लांब गॅलरीत कुंड्या मांडलेल्या होत्या. खाटेवर पडलेली माणसे खिडकीतून त्या कुंड्यांकडे पाहत राहत. स्वतःचा ताप किती आहे हे विचारायच्या आधी "त्या कोपऱ्यातल्या गुलाबाची कळी उमलली का?" असे विचारणारे रुग्ण मी पाहिले आहेत. पण एके दिवशी गॅलरीत प्लास्टिकची झाडे आली. त्यांना पाणी लागत नाही, महिन्यातून एकदा ओले फडके पुरते. माझी रवानगी अडगळीच्या खोलीत झाली. मोडक्या छत्र्या आणि तीन पायांचे स्टूल यांच्या संगतीत मी किती काळ काढला कोण जाणे. माझ्या पोटात एका कोळ्याने संसार थाटला, मुलेबाळे वाढवली आणि तोही निघून गेला.

मला तिथून बाहेर काढले ते एका परिचारिकेने. तिला सगळे सिस्टर म्हणत. तिच्या इमारतीतली मुले तिला सिस्टरमावशी म्हणत. एकाच बाईला बहीणही करायचे आणि मावशीही करायचे, हे मुलांनाच जमते. सिस्टरने माझ्यावरची धूळ पदराने पुसली आणि म्हणाली, "हिला मी घरी नेते. हिचं काम संपलेलं नाही."

घरी म्हणजे चौथ्या मजल्यावर, तिच्या एकटीच्या दोन खोल्यांत. खिडकीतून खाली पाहिले, आणि खरे सांगते मित्रांनो, मला अडगळीची खोली बरी वाटली. तीन इमारतींच्या मध्ये सगळ्यांच्या मालकीची मोकळी जागा होती. सगळ्यांच्या मालकीची, म्हणून कोणाचीच नव्हती. फाटक्या गाद्या, फुटलेल्या फरश्या, जुने कमोड, सडका पाला. डासांची तर चंगळ होती. पावसाळ्यात तिथले पाणी तळमजल्यावरच्या शिंप्याच्या दुकानात शिरे आणि तो बिचारा कापडाचे गठ्ठे डोक्यावर घेऊन शिवणयंत्रापाशी उभा राही.

त्या जागेतला एकच कोपरा स्वच्छ होता. तिथे टेम्पोवाले काका आपला टेम्पो उभा करीत. काका पहिल्या मजल्यावर राहत. धिप्पाड देह, पहाडी आवाज. त्यांनी पायरीवरून हाक मारली की तिसऱ्या इमारतीतले लोक खिडकी उघडत. टेम्पोवर त्यांचे पोटच्या पोरासारखे प्रेम होते.

सिस्टरने सुरुवात केली ती भिंतीकडेच्या हातभर जमिनीपासून. रात्रपाळी करून आली की आधी चहा, मग कुदळ. तिने राडारोडा उपसला, भाज्यांची देठे-साले पुरून माती तयार केली आणि पालक पेरला. लोक गॅलरीतून गंमत पाहत. काका तर तोंडावरच म्हणाले, "सिस्टर, रात्रभर रोग्यांची सेवा आणि सकाळी मातीची? झोपता कधी?"

"माती बरी, काका," ती हसून म्हणाली. "रात्री बेल वाजवत नाही."

त्यानंतर एका सकाळी काका टेम्पो मागे घेत होते. घाई होती, आरशात पाहिले नाही. मागचे चाक पालकाच्या वाफ्यावरून गेले आणि बाजूला ठेवलेल्या मलाही दणका बसला. हा पोचा तेव्हाचा. काका खाली उतरले, चिखलात लोळलेली रोपे पाहिली. त्यांना वाईट वाटले असावे, पण ज्यांचा आवाज मोठा असतो त्यांना हळू बोलायची सवय नसते. ते ओरडले, "गाडीच्या जागेत भाजी लावल्यावर दुसरं काय होणार?" आणि निघून गेले. सिस्टरच्या डोळ्यांत पाणी आले. तिने ते पुसले आणि पुन्हा पालक पेरला.

चिकाटीची लागण होते, मित्रांनो. आधी शिंपी आला. त्याला भाजीचे काही पडले नव्हते. त्याला दुकान कोरडे हवे होते. सिस्टर म्हणाली, फरश्या उपसून जमीन मोकळी केली तर पाणी मुरेल. शिंप्याने दोन रविवार कुदळ चालवली आणि पुढच्या पावसाळ्यात त्याच्या उंबऱ्याशी आलेले पाणी जमिनीत जिरून गेले. त्या आनंदात त्याने उंबऱ्यासमोरच टोमॅटो लावले. मग दुसऱ्या इमारतीतली एक आजी आली. तिला ऐकू येत नव्हते, म्हणून कोणी तिच्याशी बोलत नसे. पण घेवड्याचा वेल कसा चढवायचा हे तिला ठाऊक होते, आणि ते सांगायला कान लागत नाहीत. जी मुले ताटातला मुळा बाजूला सारत, ती स्वतः उपटलेला मुळा नळाखाली धुऊन तिथेच कचाकचा खाऊ लागली. वर्षानुवर्षे एकाच जिन्याने चढणाऱ्या माणसांना एकमेकांची नावे पहिल्यांदा कळली, तीही वाफ्याला पाणी कोणी घालायचे यावरून भांडताना! भोपळ्याचा मांडव दाट झाला तशी उन्हाळ्यातली दुपारही सुसह्य झाली. पूर्वी ज्या खिडक्या उग्र वासामुळे बंद असत, त्या आता वाऱ्यासाठी उघड्या राहू लागल्या. हे सगळे मी रोज जागच्या जागी पाहत होते आणि माझा ऊर भरून येत होता. पाण्याने नव्हे, अभिमानाने.

अशात एका सकाळी टेम्पोवाले काका जिन्यात कोसळले. सिस्टर कामावरून परतत होती, तिने पक्षाघाताचा झटका ओळखला आणि वेळ न दवडता त्यांना रुग्णालयात नेले. जीव वाचला. पण उजवा हात आणि उजवा पाय लुळा पडला. पहाडी आवाजाच्या जागी नुसते पुटपुटणे उरले. टेम्पो मुलाने भाड्याने चालवायला दिला. काका भिंतीकडे तोंड करून पडून राहू लागले. व्यायाम शिकवणारी मुलगी घरी येई. तिने हातात दाबायला रबरी चेंडू दिला, तो काकांनी डाव्या हाताने खिडकीबाहेर भिरकावला.

तो पडला नेमका पालकात.

सिस्टर चेंडू घेऊन वर गेली. मीही तिच्या हातात होते. दारात उभी राहून ती म्हणाली, "काका, तुमचं बियाणं माझ्या वाफ्यात पडलंय. पण हे काही उगवायचं नाही."

काकांच्या तोंडाची एक बाजू हलली आणि घशातून खरखर आली. ते हसणे होते. काकू स्वयंपाकघरातून धावत आल्या, कारण त्या खोलीत हसण्याचा आवाज बऱ्याच दिवसांनी झाला होता.

"चेंडू नको ना? नका दाबू," सिस्टर म्हणाली. "खाली टोमॅटो माना टाकून बसलेत. मला झोप अनावर झालीय. या झारीत पावशेर पाणी घालून देते. तेवढं घालाल का?"

"न... नाही ज... जमत," काका म्हणाले.

"टोमॅटोलाही जमत नाही हो. ते कोणाला सांगणार?"

काकू आणि सिस्टर, दोघींनी धरून त्यांना खाली आणले. खुर्चीवर बसवले. माझी मूठ त्यांच्या उजव्या हातात दिली, वरून सिस्टरने आपला हात धरला. त्या हातात पकड नव्हती. वाळूच्या पिशवीसारखा तो माझ्यावर पडून होता. सिस्टरने क्षणभर हात सैल केला आणि मी धाडकन काकांच्या पायावर पडले. गार पाणी चपलेत गेले. आणि काकांनी मला एक सणसणीत शिवी हासडली. स्पष्ट, खणखणीत, एकही अक्षर न गाळता! ती मी इथे सांगत नाही, तुम्ही लहान आहात. पण काकू डोळ्यांना पदर लावून रडत म्हणाल्या, "बोलले! अहो, पुन्हा द्या ना!" एवढ्या आनंदाने स्वीकारलेली शिवी मी दुसरी ऐकली नाही.

दुसऱ्या दिवशी काका स्वतःच दाराकडे पाहू लागले. पावशेराचे अर्धा शेर, अर्ध्याचे पाऊण. कधी मी दहादा पडे, कधी काका रागाने मला लाथाडत, मग पायाचाही व्यायाम होई. मला त्यांची बोटे कळत होती. आधी अंगठा जागा झाला, मग मधले बोट, करंगळी मात्र बराच काळ रुसून होती. बहिरी आजी शेजारी बसून घेवडा निवडी. एकाला बोलता येत नव्हते, दुसरीला ऐकू येत नव्हते, त्यामुळे दोघांचे छान जमे. खुर्ची सुटली, काठी आली. बाहेरून पाहणाऱ्याला वाटे, एक म्हातारा झाडांना पाणी घालतो आहे. आत काय चालले आहे ते मला ठाऊक होते.

पण सगळे सुरळीत चालले की झारीत शुक्राचार्य शिरतोच. माझ्या नळीत एकदा खरोखरच गोगलगाय अडकली होती, पण ती बिचारी काडीने निघाली. हे प्रकरण मोठे होते. तिन्ही इमारतींचे मिळून एकच सेक्रेटरी होते, त्यांनी सभा बोलावली. ते माणूस म्हणून वाईट नव्हते. घरोघरी गाड्या वाढल्या होत्या आणि जागेवरून रोज त्यांच्या दारात भांडणे येत. त्यांचे म्हणणे, बाग काढून तिथे सिमेंट घालावे म्हणजे सगळ्यांच्या गाड्या बसतील. बरेच जण माना डोलावू लागले. सिस्टर उठून बोलली, पण तिचा आवाज मुळात हळू, तो मागपर्यंत पोचलाच नाही. शिंपी म्हणाला, "आणि पाणी पुन्हा माझ्या दुकानात का?" तर कोणीतरी म्हणाले, "उंबरा उंच कर!"

सभा बागेतच भरली होती. सेक्रेटरी म्हणाले, "या जागेवर पहिली गाडी लागली ती टेम्पोवाल्या काकांची. त्यांनाच विचारा ना! बोला काका, गाड्यांची जागा गाड्यांना नको का?"

काका उठले. काठी खुर्चीला टेकवून ठेवली आणि पाय ओढत नळाशी आले. मला उजव्या हाताने उचलले, नळाखाली धरले. मी भरत गेले, अर्धी, पाऊण, काठोकाठ. इतकी जड मी त्यांच्या त्या हातात कधीच नव्हते. माझ्यातले पाणी काठावरून हिंदकळत होते. काकू पुढे धावल्या, सिस्टरने त्यांना अडवले. काका एक एक पाऊल टाकत टोमॅटोच्या वाफ्यापर्यंत आले आणि त्यांनी मला वाकवले. नुसता पानांवर पडणाऱ्या पाण्याचा आवाज.

मग ते वळून म्हणाले, "गाडी... रस्त्यावरही... उभी राहते. मी... इथंच... उभा राहिलो."

आणि मला जपून खाली ठेवून ते खुर्चीवर जाऊन बसले.

सेक्रेटरींनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. गाड्यांसाठी इमारतींच्या पुढची पट्टी नीट आखायचे ठरले. थोडी अडचण झाली, थोडी कुरकुर झाली, पण बाग राहिली. पुढच्याच हंगामात सेक्रेटरींनी फाटकाजवळचा एक वाफा मागून घेतला. त्यांच्या मिरच्या फार तिखट निघतात. शिंपी म्हणतो, गुण मालकाचा.

आता बागेला रबरी पाइप आला आहे. माझा तळाचा जोड पाझरू लागला आहे, त्यामुळे मोठी कामे पाइपच करतो. त्याचे मला दुःख नाही. कोवळ्या रोपांना पाइपाची धार सोसत नाही, तेव्हा अजून मलाच बोलावतात. सिस्टरही निवृत्त झाली. तिचे गुडघे धरतात. सकाळी ती खाली उतरताना दिसली की काका भोपळ्याच्या मांडवाखाली खुर्ची नेऊन ठेवतात आणि पूर्वीच्या आवाजात दरडावतात, "सिस्टर, बसा! कुदळीला हात लावायचा नाही!" तिसऱ्या इमारतीतले लोक खिडक्या उघडतात.

मित्रांनो, तुमच्या घराजवळही अशी एखादी जागा असेल, सगळ्यांची आणि कोणाचीच नसलेली. तिथे काही टाकण्याआधी क्षणभर थांबा. तिथे कोणाचे तरी दुकान कोरडे राहू शकते, कोणाचे तरी बोलणे परत येऊ शकते. आणि माझ्यासारखी एखादी जुनी झारी सापडली, तर एवढेच करा. काम संपले की तिच्यात पाणी साठवून ठेवू नका, साठवलेल्या पाण्याने गंज आतून लागतो. शेवटचा थेंब कुठल्यातरी रोपाला देऊन टाका, आणि मग तिला उलटी करून ठेवा.