बिनमिशीचा सिनेमा

मित्रांनो, मी एक जुनी खोटी मिशी आहे. हसा, हसून घ्या. मला आता त्याचंही काही वाटत नाही.

मेक्सिको शहरातल्या एका स्टुडिओत रंगभूषा करणाऱ्या बाईने बारीक जाळीवर एकेक केस गुंफून मला घडवलं आणि एवारिस्तो नावाच्या तरुण नटाच्या ओठावर डिंकाने चिकटवलं. त्या दिवसापासून तो खलनायक झाला. सत्तेचाळीस सिनेमे केले आम्ही. घोडे पळवले, जमिनी बळकावल्या, लग्नं मोडली आणि दर वेळी शेवटी गोळी खाऊन मेलो. बाजारातल्या बायका त्याला टोमॅटोसुद्धा विकायच्या नाहीत. "आधी त्या विधवेचं शेत परत कर, मेल्या," म्हणायच्या. तो पुढच्या टोपलीकडे जायचा. संध्याकाळी मला सोलून काढलं की ओठ लालबुंद व्हायचा. बायको ओतिलिया त्यावर कोरफडीचा गर लावायची.

पण त्याच्या मनात वेगळंच होतं. त्याने स्वतः एक सिनेमा लिहिला. गल्लोगल्ली सुऱ्या-कात्र्यांना धार लावत हिंडणाऱ्या एका बापाची गोष्ट. निर्माता डॉन बासिलियो म्हणाला, "मिशी लाव, पैसे देतो."

"धारवाल्याला मिशी नाहीये, डॉन बासिलियो."

"मग माझ्याकडेही पैसे नाहीयेत."

एवारिस्तोने राहतं घर विकलं. दिग्दर्शन केलं, धारवालाही तोच झाला. मी पत्र्याच्या डबीत पडून होते. पहिल्या खेळाला लोक अर्धा तास खलनायकाची वाट बघत बसले आणि मग उठून गेले. चार दिवसांत सिनेमा उतरला. पाचव्या दिवशी त्याने डबी उघडली आणि मला ओठावर लावलं. मला फार वाईट वाटलं. पण मिशीला विचारतो कोण?

पुढे वीस वर्षं आम्ही दोघंही झिजत गेलो. मग तो गेला.

अकरा वर्षांनी चित्रपट संग्रहालयातून इत्सेल नावाची मुलगी ओतिलियाकडे आली. "डोन्या ओतिलिया, ती मिशी द्याल? काचेच्या पेटीत ठेवू."

ओतिलियाने पलंगाखालून आठ डबे ओढले. "हा त्याचा स्वतःचा सिनेमा. हा ने."

मुलीने झाकण उघडलं. आंबट भपका आला. "आजी, फिल्म खराब व्हायला लागलीय. नंतर बघू."

"नंतर म्हणजे मी मेल्यावर? हे बघ पोरी, आधी डबे, मग मिशी. नाहीतर मिशी जाते चुलीत."

घाल बाई, मी मनात म्हटलं. सुटेन एकदाची.

डबे गेले, मीही गेले. आठांतलं एकच रीळ पडद्यावर दाखवण्याजोगं निघालं. ओतिलियाला बोलावलं. माझी पेटी सिनेमा दाखवायच्या खोलीच्या दाराशीच असल्यामुळे मला सगळं दिसलं. पडद्यावर एवारिस्तो पायरीवर बसून मक्याची टोर्तिया खात होता, उघड्या ओठावरचं मीठ चाटत.

"घरी अस्साच जेवायचा," ती म्हणाली. रीळ संपलं तशी म्हणाली, "पुन्हा लाव, पोरी."

मित्रांनो, माझ्यापुढे उभं राहून लोक फोटो काढतात. मला कंटाळा आलाय. माझ्या पेटीवरची धूळ नाही झटकलीत तरी चालेल. पण कुणाच्या पलंगाखाली असे डबे असतील, तर आजच बाहेर काढा. बाकीची सात रिळं आता कुणालाच दिसायची नाहीत.

ओतिलियाने तो दहा मिनिटांचा तुकडा चार वेळा पाहिला आणि जाताना माझ्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही.