बेलभंडाऱ्याची शपथ

आणीबाणी उठली नव्हती, पण निवडणूक लागली होती. म्हणजे मत कोणालाही द्यायची मोकळीक होती. फक्त ते कोणाला देणार, हे मार्तंडरावांना आधी सांगायचं होतं.

जरीपटक्याच्या चौकात लहानूची सायकल दुरुस्तीची टपरी होती. रस्तारुंदीच्या नावाखाली शेजारच्या टपऱ्या ट्रकमध्ये भरून गेल्या. लहानूची तेवढी मार्तंडरावांच्या शब्दावर उभी होती. सरकारी पक्षाचे हे वॉर्डातले कारभारी माणसाची किंमत मतांत करत. एका मताच्या घराला नुसती मान हलवत, भरल्या घराला कमरेतून वाकत.

मतदानाच्या आदल्या दुपारी ते ताट घेऊन फिरले. ताटात बेलाची पानं नि हळद.

"उचला बेलभंडारा. म्हणा, मत आपल्यालेच."

त्यांच्या स्वतःच्या आळीत या शपथेला माणसं टरकत. लहानूनं अन् त्याच्या बायकोनं, कौसल्येनं, ती चहा घेतल्यासारखी घेतली. मार्तंडराव खूश होऊन पुढे गेले.

"खोटी शपथ घेतली वं आपण," लहानूला चैन पडेना.

"कोणाची? छप्पन साली ज्या देवायले सोडलं, त्यायचीच न?" कौसल्या हसली.

लहानूही हसला, पण हातातली ट्यूब त्यानं दोनदा पाण्यात बुडवली, तरी पंक्चर दिसेना.

एवढ्यात मार्तंडराव परत आले. कोणीतरी त्यांना शहाणं केलं होतं. आता ताट नव्हतं. त्यांनी टपरीतल्या बाबासाहेबांच्या फोटोकडे बोट केलं.

"याच्यावर हात ठेव गा लहानू. मंग ट्रक इकडे फिरकत नाही."

"घेतली न मघा शपथ?"

"ते माहीवाली होती. आता तुहीवाली घे."

लहानूचा हात उठला. ग्रीसनं काळा होता. त्यानं तो चिंधीला पुसला, पुन्हा पुसला. एका खोट्या शब्दात टपरी वाचत होती, आणि मतपेटीत काही मार्तंडराव डोकावणार नव्हते.

"नाही जमत, मार्तंडराव."

"म्हणजे मत तिकडं?"

"म्हणजे शपथ नाही."

"एकच झालं न गा ते!" मार्तंडराव तणतणत निघून गेले.

कौसल्या खिळ्यावरचे टायर उतरवू लागली.

"आतापासून काहून?"

"ट्रक सकाळीच येते. अन् सकाळी आपल्याले लाइनीत उभं राहाचं हाय." तिनं पंपाला हात घातला.

"राहू दे वं, जड हाय," म्हणत लहानूनं तो खांद्यावर टाकला.