रंगाच्या आधीचा कंगवा

मी एक कंगवा आहे, पण खिशातून निघून आरशापुढे ऐटीत भांग पाडणाऱ्यांतला नाही. वाटीतला रंग केसांवर ओढत नेणारा तो लांब शेपटीचाही नाही. मी रंगाच्या आधीचा. कुणाच्या डोक्याला रंग लागायचा असेल, तर त्याआधी गुंता सोडवायला, टाळू नीट पाहायला आणि केसांचे चार भाग पाडायला मला हाक येते. ब्रश वाटीत बुडाला की माझं काम संपतं. मग मला धुऊन टॉवेलवर उताणा ठेवतात आणि पुढचं सगळं मी तिथून पाहतो. नाटकाआधी रंगमंच झाडणाऱ्यासाठी कोणी टाळ्या वाजवत नाही, तसंच माझं. पण खरं सांगतो, आजवर त्याचं वाईट वाटलं नाही. माझ्या वाट्याला जे आलं ते टाळ्यांपेक्षा बरं होतं.

माझा जन्म एका कपाटाच्या दारातून झाला. दार बसवताना खालून पट्टी कापावी लागली आणि ती उरली. सुतार म्हातारा होता, चष्मा दोऱ्याने बांधलेला. त्याची मुलगी स्वतःचं पार्लर उघडणार होती, आणि तिला काहीतरी द्यायचं त्याच्या मनात होतं. त्याने पट्टीतून माझे दात कापले, एकेक करून पॉलिश पेपरने घासले, आणि घासून झालेला प्रत्येक दात स्वतःच्या हाताच्या पाठीवरून ओढून पाहिला. जो ओरखडा काढी, तो पुन्हा पेपरवर जाई. मला तिच्या हातात देताना तो एवढंच म्हणाला, "दात विरळ ठेवलेत. घाईच्या माणसाला हा चालायचा नाही."

मुलगी घाईची नव्हतीच. तिला सगळी गल्ली वहिनी म्हणते, म्हणून मीही वहिनीच म्हणतो. घराच्या पुढच्या खोलीत तिचं पार्लर आहे. दोन खुर्च्या, एक मोठा आरसा, त्याखाली कडाप्प्याची फळी. पडदा बाजूला केला की आत तिचं स्वयंपाकघर. गिऱ्हाईक खुर्चीत बसलं की वहिनी आधी रंगाचं नावही काढत नाही. आधी विचारते, शेवटचं डोकं कधी धुतलं. मग उजेडाकडे तोंड करून बसवते आणि मला हातात घेते. एका हाताने केस मुळाशी धरायचे, दुसऱ्याने मला टोकाकडून चालवायचं आणि थोडं थोडं वर सरकायचं. ओढ बसते ती तिच्या मुठीला, डोक्याला नाही. मी विंचरत असतो आणि ती टाळू पाहत असते. कुठे ओरखडा, कुठे पुटकुळी, कुठे लाली दिसली की रंग त्या दिवशी नाही. नवं गिऱ्हाईक असेल तर कानामागे रंगाचा एक ठिपका लावून दोन दिवसांनी बोलावते. लोक कुरकुरतात. पलीकडच्या चौकात तासाभरात काळं करून देतात म्हणे. वहिनी म्हणते, "देतात ना. कानासकट देतात."

कंगव्याला कान नसतात, पण मी जन्मभर कानांच्या शेजारी राहिलो. केस विंचरले जात असताना माणसं मऊ होतात आणि बोलतात. मागे उभ्या माणसाचा चेहरा दिसत नाही म्हणून असेल. कोणाचं नोकरीवरचं, कोणाचं सुनेचं, कोणाचं डॉक्टरांनी सांगितलेलं. मी सगळं ऐकलंय. पण वहिनीचं स्वतःचं दुखणं मी फक्त एकदाच ऐकलं, तेही ती मला नळाखाली धुताना.

तिला एक नणंद आहे. पन्नाशी कधीच मागे पडली, तरी सगळे तिला बेबीच म्हणतात. कापडाच्या दुकानात मोजून कापड देते. स्वच्छतेची भारी. तिच्या घरात पाहुणा आला की उठून जाईपर्यंत फडकं हातातून सुटत नाही. वहिनीचं पार्लर नवं होतं तेव्हा घरात सगळे जेवायला जमले होते. वहिनी वाढायला उठली, आणि बेबी शेजारच्या बाईला हळूच, पण ऐकू जाईल इतपत हळूच, म्हणाली, "दिवसभर लोकांच्या डोक्यातला मळ काढायचा आणि त्याच हातांनी वाढायचं."

वहिनीने भांडं खाली ठेवलं नाही. सगळ्यांना वाढलं. पण त्यानंतर बेबीच्या घरी गेली की जेवायच्या आधी ती सगळ्यांसमोर दोनदा साबण लावून हात धुवायची. हळूहळू जाणं कमी झालं, मग भावाबहिणीचे फोन तेवढे उरले.

अशी ती बेबी एका गुरुवारी दुपारी, पार्लरमध्ये दुसरं कोणी नसताना, दारात येऊन उभी राहिली. डोक्यावर स्कार्फ घट्ट बांधलेला. तिची मुलगी चार वर्षांनी परदेशातून घरी यायची होती, रविवारी. बेबीने स्कार्फ सोडला तेव्हा मी फळीवरून पाहिलं. डोकं कापसासारखं पांढरं झालं होतं. मुलीला हे ठाऊकच नव्हतं. फोनवर बोलताना बेबी फोन असा धरायची की मुलीला आईचं कपाळ आणि छताचा पंखा, एवढंच दिसायचं.

"ती मला अशी बघेल तर परत जायची नाही," बेबी म्हणाली. "नोकरी सोडून बसेल इथे. मला ते नकोय. आजच कर काय ते."

वहिनीने खुर्ची पुसली, तिला बसवलं, मला उचललं. पहिल्या फेऱ्यातच माझ्या लक्षात आलं की काहीतरी चुकलंय. केस कोरडे ठणठणीत, एकमेकांना धरून बसलेले. मी जाईन तिथे अडत होतो. आणि टाळू लाल, कानांच्या वर तर नखांच्या खुणा. अंगाला सुटणारं थोडं तेल टाळूवर पांघरुणासारखं राहावं लागतं, रंग त्यावरून सुसह्य होतो. इथे पांघरूण तर सोडाच, कातडीही सोलवटली होती.

"डोकं कधी धुतलंस?" वहिनीने विचारलं.

"आज."

"किती वेळा?"

बेबी आरशात पाहत होती, वहिनीकडे नाही. "तीनदा," ती म्हणाली. "उगाच तुला काही सापडायला नको."

वहिनीचा हात थांबला. माझे दात केसांतच अडकून राहिले. तिला ते जुनं वाक्य आठवलं, बेबीला आठवलं होतंच, म्हणून तर तिने डोकं भांडं घासल्यासारखं घासलं होतं. दोघींच्या मध्ये मी.

वहिनीने केस वर गोळा केले, मला त्यात खोचलं, आणि कानामागे रंगाचा ठिपका लावला. मग शांतपणे सांगितलं की आज रंग लागणार नाही. टाळू सोललीय, जळेल. शनिवारी ये. तोवर डोक्याला पाणीही लावू नकोस.

बेबी ताडकन उठली. "इतकी वर्षं मनात धरून ठेवलंस ना? आज बरी सापडले."

वहिनी काही बोलायच्या आत तिने स्कार्फ डोक्यावरून घेतला आणि ती बाहेर पडली. मी तिच्या डोक्यातच. स्कार्फखाली माझा उंचवटा एखाद्या कोंबड्याच्या तुऱ्यासारखा दिसत असणार, कारण फळवाल्याने तराजूत फळं टाकता टाकता हात थांबवला, आणि रस्त्यावरची दोन पोरं आमच्यामागून बराच वेळ हसत आली. बेबीला वाटलं, तिच्या रागाकडे बघताहेत.

घरी येऊन तिने स्कार्फ ओढला तेव्हा मी सापडलो. ती मला हातात धरून आरशापुढे उभी राहिली. वाटेत तिने रंगाचं पाकीट घेतलं होतं. ते उघडून ठेवलं आणि वहिनी नको तर नको म्हणून स्वतःच विंचरायला लागली. मानेपाशी गाठ होती. तिने ओढली, आणि डोळ्यांत पाणी आलं. मग तिने वहिनीसारखं करून पाहिलं, एका हाताने मुळाशी केस धरायचे आणि दुसऱ्याने मला चालवायचं. पण आपल्याच डोक्यामागे दोन्ही हात तसे पोचत नाहीत. त्याला दुसरं माणूस लागतं. ती खाली स्टुलावर बसली आणि बराच वेळ मला मांडीवर ठेवून माझ्या दातांवरून बोट फिरवत राहिली.

तेवढ्यात फोन वाजला. वहिनी होती. रागवली नाही, समजावलंही नाही. म्हणाली, "माझा कंगवा तुझ्या डोक्यात गेलाय. वडिलांनी केलेला आहे. शनिवारी घेऊन ये."

"हं," बेबी म्हणाली, आणि पाकीट मिटवून कपाटात टाकलं.

त्यानंतरचे दोन दिवस मी तिच्या घरी काढले. पहिल्यांदा तिने मलाच साबणाने घासलं, जुन्या टूथब्रशने, दातांच्या फटीफटीतून. एवढी आंघोळ मला जन्मात कोणी घातली नव्हती. मग खिडकीत ठेवलं. डोकं न धुता राहणं तिला किती जड जात होतं ते मी तिथून पाहिलं. ती न्हाणीघराच्या दारापर्यंत जायची, नळाकडे बघायची, परत यायची. तिचा नवरा काठी टेकत इकडून तिकडे फिरायचा. त्याने शेवटी न राहवून विचारलं, "दोन दिवस झाले, तू काही धुतलंच नाहीस. पाणी गेलंय की काय?"

"तुमचं डोकं धुते, या," ती म्हणाली. तो हसत हसत बाहेर गेला.

शनिवारी सकाळी तिने मला रुमालात गुंडाळलं. वाटेत तिची चाल दोनदा मंदावली. पार्लरच्या दारातून ती आत गेली, मला फळीवर ठेवलं, स्कार्फ काढला आणि खुर्चीत बसली. या वेळी आरशात नाही, वहिनीकडेच बघत म्हणाली, "घे. दोन दिवसांचं डोकं आहे. मळ असेल."

मी पुष्कळ डोक्यांतून गेलोय आणि माणसांच्या क्षमा मागण्याच्या पुष्कळ तऱ्हा ऐकल्यात. कोणी रडून मागतं, कोणी खाऊ आणून मागतं. पण तीनदा घासलेलं डोकं घेऊन आलेल्या बाईने न धुतलेलं डोकं पुढे करावं, याच्याइतकी मोठी मी दुसरी पाहिली नाही.

वहिनीने केसांच्या मुळाशी बोटं घातली. "मळ नाही," ती म्हणाली. "तेल आहे. तुझंच. हेच हवं होतं मला."

कानामागची जागा तिने उजेडात वळवून पाहिली. साफ होती. लालीही उतरली होती. अंगावर जुना शर्ट घालायला दिला, कपाळाच्या कडेने आणि कानांवर क्रीमचा हात फिरवला, आणि मला उचललं. आज मी टोकापासून निघालो तो कुठेही न अडता वर पोचलो. मानेपाशीची ती गाठही सुटली. आणि केसांबरोबर बेबीही सुटली.

केस एका वर्षात पांढरे झाले होते. नवऱ्याचं मोठं ऑपरेशन झालं तेव्हा. तिने मुलीला कळवलं नाही, भावालाही नाही. रात्रंदिवस दवाखान्यात एकटी बसली. कोणत्या तोंडाने फोन करणार होते, म्हणाली.

वहिनीचा हात चालूच होता. "आम्ही काय मेलो होतो?" ती म्हणाली.

एवढंच. पण हे म्हणताना तिने बेबीचे केस मुळाशी जरा जास्तच घट्ट धरले होते, ओढ अजिबात बसू नये म्हणून. थोड्या वेळाने म्हणाली, केस मी काळे करते, पण पोरीला भाऊजींचं सगळं सांगून टाक, ते काही रंगाने झाकायचं नाही. बेबीने मान हलवायला घेतली, तर वहिनीने हनुवटी धरून सरळ केली. "हलू नकोस. भांग वाकडा जाईल."

चार भाग पडले, चार चिमटे लागले. वाटीत ब्रश बुडाला. मी टॉवेलवर जाऊन पडलो.

रविवारनंतर एका सकाळी मुलगी आईबरोबर पार्लरमध्ये आली. बाबांच्या ऑपरेशनचं ऐकून एक दिवस तिने आईशी अबोला धरला होता म्हणे, आणि दुसऱ्या दिवशी काठीला रबराचं नवं बूड आणून बसवलं होतं. ती ठरल्या दिवशी परत जाणार होती, पण आता रोज फोन करणार होती, आणि आई पार्लरमध्ये असली की फोन मामीच्या हातात द्यायचा, कारण आईला तो नीट धरता येत नाही. आईच्या केसांवरून हात फिरवत म्हणाली, "मामी, रंग छान बसलाय. कुठला आहे?"

वहिनीने पाकिटाचं नाव सांगितलं नाही. तिने मला उचलून दाखवलं.

आता माझं वय झालंय. पाठीला चीर गेलीय, आणि परवा फरशीवर पडून एक दात गेला. फळीवर नव्या कंगव्यांची रंगीत टोळी आलीय, हलके आणि चपळ. तरी बेबी आली की वहिनी मलाच घेते. बेबी महिन्यातून एकदा येते, रंग असो नसो, आणि जाताना आत जाऊन जेवूनही जाते. वहिनी हात धुते, एकदाच.

त्या म्हाताऱ्या सुताराचे माझ्यावर उपकार आहेत, की त्याने माझ्या प्रत्येक दाताचा ओरखडा आधी स्वतःच्या हातावर घेतला. वहिनीचे आहेत, की तिने मला कधी घाईत चालवलं नाही. आणि बेबीचेही आहेत, तिने मला टूथब्रशने घासलं तरी.

तुम्हाला कधी रंग लावावासा वाटला तर जरूर लावा. फक्त आदल्या दिवशी डोकं घासून काढू नका. जसं आहे तसं घेऊन या, आणि मागे उभं राहायला कोणीतरी आपलं माणूस शोधा. गाठ कुठे आहे ते त्याच्या हाताला कळेल. माझे उरलेले दात तेवढ्या कामाला अजून पुरतील.