भुवन्या करणे

भुवनेश्वर टेंभरेला पुस्तकाशी काही घेणंदेणं नव्हतं. प्रेसला जाण्याआधी त्याला फक्त आभाराचं पान पाहायचं होतं. मुलगी नीतू गोंदियाच्या कॉलेजात शिकवते. कामठ्याकडच्या बायाबापड्या आपसात जे चोरशब्द बोलतात ते तिने गोळा केले होते, आणि छपाईचा भार बापाने उचलला होता. मग बापाचं नाव ठळक असणारच.

नाव होतं. आभारात नव्हतं, ‘भ’मध्ये होतं.

‘भुवन्या करणे : फोटो निघेपर्यंत काम हातात धरणे, मग सोडून देणे. वापर : निस्ता भुवन्या नोको करू व, घागर भर. उगम : रोवण्याच्या (भातलावणीच्या) बाया.’

हा शब्द त्याने चहाच्या टपरीवर ऐकला होता, ग्रामसभेत ऐकला होता. पण आपलं नाव लोकांच्या तोंडी आहे एवढ्यावरच हा गडी खूश. अर्थ विचारावा असं कधी वाटलं नाही. फ्लेक्सवर स्वतःचा चेहरा पाहून पाहून ज्याची छाती फुगते, त्याला शिवीसुद्धा सत्कार वाटते.

“हे काय होय?” त्याने पानं नीतूपुढे आपटली.

“शब्द होय, बाबूजी.”

“आन् हा? भाजी म्हणजे शेतमालक?”

“बांधावर मालक दिसला की बाया एकमेकीला सावध करतात. उघड कसं म्हणायचं? म्हणून मालकाला जुळवून पालक. मालकांना तेही समजायला लागलं, तर पालकची झाली भाजी. ‘भाजी येऊन राहिली व, हात चालवा.’ तसंच बिडीची शिडी, आन् शिडीचा जिना. जिना ओढून येतो म्हणतात.”

“मंग माह्या नावाले काऊन काही जुळवलं नाही? सरळच ठेवून देल्लं?”

“तुमच्यापासून लपवावं असं त्यांना वाटलंच नाही, बाबूजी.”

भुवनेश्वरचं तोंड कडू झालं. गोष्ट कुठली ते त्याला आठवत होतं. एका कृषी दिनाला तो पांढरा पायजामा खोचून रोवणाऱ्या शामकलाच्या टोळीसोबत भाताच्या बांधीत उतरला होता. हातात पऱ्ह्यांची, म्हणजे भातरोपांची जुडी, बांधावर खुशाल नावाचा फोटोवाला. जुडी सुटायच्या आत साहेब बाहेर, आणि एक बाई त्याचे पाय धुते आहे. दुसऱ्या दिवशी पेपरात ‘शेतकऱ्यांचा सच्चा साथी’. पेपरवाल्यांनाही लाज नाही.

“असं लिही,” तो म्हणाला, “का हा शब्द ओडिशाच्या भुवनेश्वरवरून आला. तीर्थाले गेलेले लोक...”

“खोटं लिहिणार नाही. बाया बोलायच्या थांबल्या, तर नोंद काढते. सोमवारी प्रेसला पानं जातात.”

बाप म्हणून आवाज चढवून झाला, तिच्या आईची आठवण काढून झाली. पोरगी हलली नाही. शेवटी तो स्वतःच्या बांधीवर गेला. चिखलातून कोणीतरी बारीक आवाजात म्हणालं, “भाजी व, भाजी,” आणि वाकलेल्या पाठी आणखी वाकल्या. आता अर्थ माहीत होता. कानशिलं तापली.

“शामकलाबाई, माह्या नावाची फजिती करून राहिल्या तुमी.”

शामकला टोळीची म्होरकी. तिने पाठ सरळ केली, पण हातातली जुडी सोडली नाही. “फजिती तुमी केली जी. आमी निस्तं नाव देल्लं.”

“सोडा तो शब्द.”

“शब्द का बैल होय, दावं सोडलं आन् गेला? तुमी एक दिवस रोवा आमच्यासंगं. सकाळपासून सांजवरी. मंग पाहू कोनाच्या तोंडात येते तं.”

आणि काय सांगावं, दुसऱ्या दिवशी तो खरंच आला. एकटा. नाव छापलं जाण्याची भीती माणसाला चिखलातही उतरवते. चिखल पोटऱ्यांपर्यंत, वरून रिपरिप. पहिली रोपं तरंगून वर आली.

“अंगठा दाबा, भाऊ. मातीले गोंजारून काय होते?” शामकला म्हणाली.

त्याने दाबला. रोप उभं राहिलं. मग दुसरं. कमर मोडायला आली, पण तो वाकलेलाच राहिला. जेवायला बसले तेव्हा रुक्मा नावाच्या पोरीने त्याच्या भातावर लाखोळीची डाळ वाढली. “मालक, जिना पाह्यजे का?” म्हणाली. सगळ्या हसल्या, तोही हसला. त्या हसण्यात त्या दिवशी खोट नव्हती. शामकला सुपारी कातरत म्हणाली, “सांजवरी टिकले तं मीच सांगीन नीतूबाईले, काढून टाक म्हणून.”

म्हणजे काम झालंच होतं. फक्त वाकून राहायचं होतं.

पण दुपारनंतर त्याने मागे वळून आपली पात, आपल्या वाट्याचा रोवलेला पट्टा, पाहिली. हिरवी, सरळ, त्याच्या हाताची. आणि बांधावर पाहायला कोणी नाही! एवढं केलं आणि कोणालाच दिसलं नाही, तर ते केलं कशाला? हा किडा त्याच्या डोक्यात शिरला तो निघेना. प्लास्टिकमध्ये गुंडाळलेला मोबाइल त्याने खिशातून काढला.

“खुशाल, कॅमेरा घेऊन ये. लवकर.”

बायांनी ऐकलं. हात कोणाचे थांबले नाहीत, सकाळपासून चाललेलं रोवण्याचं गाणं तेवढं थांबलं.

खुशाल आला. भुवनेश्वरने मिशीवरचा चिखल पुसला, मग विचार करून थोडा परत लावला. एका फोटोत पोट दिसलं, दुसऱ्यात डोळे मिटले. पडद्यावर नीट पाहायला तो बांधावर चढला. चढला तो चढलाच. ‘हा काढ, तसा काढ’ करता करता उजेड गेला, आणि त्याची राहिलेली पात बायांनी वाटून घेऊन रोवून टाकली.

“झालं ना मंग, शामकलाबाई? दिवस भरला.”

“आमचा भरला,” ती म्हणाली आणि पाय धुवायला कालव्यावर गेली. त्याचे पाय धुवायला कोणी थांबलं नाही.

त्याला तरीही कळलं नाही. घरी येऊन त्याने गावाच्या ग्रुपवर फोटो टाकला : ‘माताभगिनींसोबत दिवसभर रोवणा.’ खाली उत्तरं आली. सगळ्यांनी एकच शब्द लिहिला होता.

सोमवारी नीतूने पानं प्रेसला पाठवली. त्या नोंदीतलं घागरीचं वाक्य तिने काढलं. नवं वाक्य बायांचं होतं, प्रसंग बापानेच पुरवला होता : ‘रोवला तं चांगला होता, पर शेवटी भुवन्या केलाच.’