उंबरटेकचा रुसका मामा

पोलादपूर सोडून आंबेनळी घाटाच्या वाटेला लागलं की एके ठिकाणी लाल मातीचा फाटा सुटतो. तो संपतो तिथं उंबरटेक वाडी, आणि वाडीच्या डोक्यावर मामा. मामा म्हणजे डोंगर. कड्याचं पुढं आलेलं नाक, त्याखाली करवंदीच्या जाळ्यांच्या झुपकेदार मिश्या, आणि पोट असं सुटलेलं की वाडीत येणारा रस्ता त्यावरून करदोट्यासारखा वळत येतो. वाडीत नांदायला आलेल्या प्रत्येक बाईचा हा भाऊ, म्हणजे वाडीतल्या प्रत्येक पोरीचा मामा. लग्नात नवरीच्या पाठीशी उभं राहायचा मान त्याचाच.

स्वभावही अस्सल मामाचाच. मान चुकला की वाडीकडं पाठ करून बसणार. पाठ म्हणजे खरीखुरी पाठ: काळी, खडबडीत, माकडांनी घाण करून ठेवलेली.

म्हणून सेजलच्या लग्नाच्या दिवशी सकाळी तिचा बाप महिपत तोंड धुवायला अंगणात आला आणि समोर नाकाच्या जागी पाठ दिसली, तेव्हा त्याच्या हातातला तांब्याच गळाला.

“अगो, भाईर ये! मामा रुसला गो!”

ठमाबाई हळदीच्या हातांनी धावत आली. नवऱ्याकडं न बघता तिनं थेट मुलाला गाठलं. अनिल मुंबईला कामाला. आमंत्रणाचं सगळं त्यानंच अंगावर घेतलं होतं.

“पयली अक्षत मामाला दिलीस ना रे?”

“दिली ना. व्हॉट्सअ‍ॅपवर टाकली.”

“डोंगराला?”

“आई, टॉवर त्याच्याच डोक्यावर हाय. परत्येक मेसेज आधी त्याच्या डोक्यातून जातो, मग आपल्याला मिळतो. उलट त्यालाच सगळ्यात पयला मिळाला. टेन्शन नको घेऊ.”

महिपतनं पायातली चप्पल काढली होती, पण तेवढ्यात फोन वाजला. पलीकडं सोनबा, नवऱ्या मुलाचे वडील. एसटीतून निवृत्त झालेले ड्रायव्हर, वऱ्हाडाची गाडी महाडहून स्वतःच चालवत निघालेले.

“महिपतराव, आमी पोलादपूरच्या स्टँडवर हाव.”

“मग या की!”

“अवो, येऊन येऊन परत स्टँडवरच पोचतोय! तुमच्या डोंगराला वळसा घातला की समोर स्टँड. ह्यो घाट मी डोळे मिटून चालवलेला माणूस. आज उघडे ठेवलेत तरी ही गत. वडापाववाला आता आमाला बघून हात हलवतो.”

मागून त्यांच्या पत्नीचा, चंद्राबाईंचा आवाज आला, “इचारा त्यांना, पोरगी देयाची नसंल तर सरळ सांगा म्हणावं, रस्ता कशाला पळवता? मुहूर्त टळला तर मी मंगेशला घेऊन चालले घरी!”

पोरगी हळद लावून बसलेली, भाताची पातेली चुलीवर चढलेली, आणि रस्ता मामाच्या पोटाबरोबर भलतीकडं फिरलेला.

अक्षत, सुपारी, नारळ घेऊन महिपत मामाच्या खांद्यापर्यंत धापा टाकत चढला. “मामा, चुकलं. पोरगं अजून लहान हाय.”

अनिलला टक्कल पडायला लागलेलं मामाला दिसत होतं. त्यानं एक खडा महिपतच्या डोक्यात टाकला.

“सरा तुमी,” म्हणत मागून आलेली ठमाबाई पुढं झाली. “दादा! भाची मांडवात बसायची आणि तू असा ढुंगण फिरवून? मी ह्या वाडीत आले तेव्हा तूच म्हणालास ना, भाऊ हाय म्हणून? टोपी-टॉवेल हवा तर तोंडानं माग!”

डोंगराच्या पोटातून “हूं” असा आवाज आला.

महिपतनं आहेरातली एक पांढरी टोपी काढून कड्यावर ठेवली. मामानं नाक फेंदारलं. टोपी भिरभिरत गेली ती सावित्री नदीच्या दिशेनं.

“ह्या मापाची नाय चालायची,” ठमाबाई म्हणाली. “मांडवाचं कापड सोडा.”

गड्यांनी अख्ख्या मांडवाचं गुलाबी-पिवळं कापड उतरवलं आणि मामाच्या डोक्याला फेटा बांधला. तुरा छान निघाला, पण टॉवर आत गुंडाळला गेल्यामुळं रेंज गेली. वऱ्हाड कुठं आहे, घरी परतलं की काय, कळायला मार्ग राहिला नाही. महिपत अंगणात नुसता येरझाऱ्या घालत राहिला.

आणि मामा गर्रकन वळला!

नेमकं वऱ्हाड त्या वेळी त्याच्या पोटावर होतं. गाडी गोफणीतल्या धोंड्यासारखी फिरली आणि उलटी सरकत मांडवाच्या दारात येऊन थांबली.

“एवढा रिव्हर्स मी उभ्या नोकरीत मारला नव्हता,” सोनबा स्टिअरिंगला मिठी मारूनच बोलले.

चंद्राबाई भांडायच्या तयारीनं उतरल्या, पण डोकं गरगरत असल्यामुळं सगळं भांडण त्यांनी गोठ्यातल्या म्हशीशी केलं. म्हशीनं मान हलवून प्रत्येक आरोप कबूल केला, तशा त्या खूश झाल्या. मांडवावर कापड नव्हतं, म्हणून मामा जरा पुढं झुकला आणि त्याच्या सावलीत मंगलाष्टकं झाली. मुहूर्त साधला.

पाठवणीला महिपत लहान मुलासारखा रडला. सेजल त्याच्या गळ्यात पडली, ठमाबाईनं डोळ्याला पदर लावला, गाडी निघाली. महिपत डोळे पुसतोय तोच वाडीच्या दुसऱ्या अंगाला हॉर्न वाजला. गाडी परत दारात!

मामा भाचीला सोडायला तयार नव्हता.

पुन्हा मिठ्या, पुन्हा रडणं, पुन्हा हॉर्न. मग ठमाबाईनं हात टेकले. “माझं रडू संपलं बाई. च्या टाकू का सगळ्यांना?”

“च्या नंतर,” सोनबा म्हणाले. “आधी मामाला समजवा कोणीतरी. महिपतराव, तुमीच जा.”

महिपत नारळ घेऊन निघाला. खालून सगळ्यांना दिसत होतं, बिचारा हात जोडून विनवतोय. गाडीच्या खिडकीतून सेजल त्याच्याकडंच बघत होती.

महिपतनं कड्याच्या कानाशी तोंड नेलं आणि हळूच म्हणाला, “मामा, अजून एक फेरी होऊ दे. मग सोड.”